सिलेंडरचा गॅस आणि पाइपचा गॅस: शेगडी तीच, भोक वेगळं

आम्ही घर बदललं, नव्या घरात पाइपचा गॅस होता, जोडायला आलेल्याने जुनी शेगडी आहे तशी जोडली आणि गेला. ज्योत एवढीशी, पाणी काही केल्या उकळेना. मग घरात सुरू झालं की पाइपच्या गॅसला दमच नाही. बिचाऱ्या गॅसला उगाच शिव्या, घोळ जेटचा होता, म्हणजे बर्नरखालच्या ज्या बारीक भोकातून गॅस बाहेर येतो त्याचा.

आपण दोन्हींना गॅसच म्हणतो ना, पण सिलेंडरमध्ये असतो एलपीजी, म्हणजे प्रोपेन आणि ब्यूटेन, दाबून द्रव केलेले, म्हणून टाकी हलवली की आत डचमळतं. पाइपमधून येतो नैसर्गिक वायू, बहुतेक सगळा मिथेन. तेवढ्याच घनमीटरमधून एलपीजी अडीच-तीन पट उष्णता देतो, त्यामुळे त्याच्या बर्नरखालच्या पितळी जेटचं भोक अगदी सुईच्या टोकाएवढं पुरतं, मिथेनला मोठं लागतं. जेट बदलले आणि शेगडी सुतासारखी सरळ झाली. बरं, किलोमागे बघायला गेलं तर मिथेनच थोडा सरस आहे, तेव्हा दमाबिमाचं काही खरं नाही.

उलटं करू नका पण! मोठ्या भोकाच्या शेगडीला सिलेंडर लावला तर पिवळी भडकलेली ज्योत, भांड्यांची बुडं काळी, आणि हवा कमी पडल्याने कार्बन मोनॉक्साइड, ज्याला वासच नसतो.

दुसरा फरक वजनाचा, आणि माझ्या मते हाच जास्त महत्त्वाचा. एलपीजी हवेच्या दीड ते दोन पट जड, गळला की जमिनीलगत पसरतो, ओट्याखालच्या कपाटात साचून बसतो. मिथेन हवेपेक्षा जवळपास निम्मा हलका, तो वर छताकडे जातो. म्हणजे गळती सांगणारा अलार्म एकासाठी खाली लावायचा, दुसऱ्यासाठी वर. दोन्हींतला कुठला गॅस गळतोय ते वासावरून ओळखेन म्हणाल तर कठीण आहे, मुळात दोन्हींना वास नसतो, तो घाण वास मुद्दाम मिसळलेला असतो. वास आला की दोन्हीकडे तेच करायचं, कॉक बंद, खिडक्या-दारं उघडी, आणि दिव्याच्या बटणाला हात नाही, चालू असलेला दिवा बंदही करायचा नाही, एक्झॉस्ट तर नाहीच नाही.

आणि टाकी संपत आली की ती आडवी करायची सवय काहींना असते, ती सोडा, वायूऐवजी द्रव नळीत येतो.