६१ सिग्नी: मंद दिसणाऱ्या जोडताऱ्याची मोजदाद

तेजस्वी तारा जवळचा आणि मंद तारा दूरचा, असा समज आकाशाकडे पाहताना सहज होतो, आणि दीर्घकाळ खगोलशास्त्रज्ञही याच समजावर विसंबून होते. हंस तारकासमूहातील दोन तारे तो पुरता खोडून काढतात. हंसाच्या शेपटीशी चमकणारा डेनेब हा पहिल्या प्रतीचा (प्रत म्हणजे तेजाचे माप; आकडा जेवढा मोठा तेवढा तारा मंद) ठळक तारा आपल्यापासून हजार प्रकाशवर्षांहूनही दूर आहे, तर त्याच्यापासून अवघ्या आठ अंशांवर असलेला आणि शहराच्या उजेडात दिसतही नाही असा ६१ सिग्नी केवळ ११.४ प्रकाशवर्षांवर आहे.

तो शोधण्याची रीत सोपी आहे. डेनेब, हंसाच्या मध्यावरचा सदर आणि पूर्वेकडच्या पंखावरचा गिएनाह हे तीन तारे एका समांतरभुज चौकोनाचे तीन कोपरे मानले, तर सदरच्या समोरचा चौथा कोपरा जिथे येतो तिथेच ६१ सिग्नी सापडतो. महाराष्ट्रातून ऑक्टोबरच्या मध्यावर रात्री साडेसात-आठच्या सुमारास तो उत्तरेकडे, क्षितिजापासून जवळपास सत्तर अंश उंचीवर असतो. पावसाळ्यानंतर धुऊन निघालेल्या आकाशात आणि गावाबाहेरच्या अंधारात तो नुसत्या डोळ्यांनी दिसू शकतो. डोळ्यांना तो एकच तारा वाटतो. लहान दुर्बिणीतून मात्र सुमारे ३१ विकलांच्या (विकला म्हणजे अंशाचा ३,६०० वा भाग) अंतरावर असलेले दोन नारिंगी तारे स्पष्ट वेगळे दिसतात. त्यांतील एकाची दृश्यप्रत ५.२ आणि दुसऱ्याची ६ च्या किंचित पलीकडे आहे. दोघांचा प्रकाश मिळून ४.८ प्रतीचा तारा होतो.

या जोडीची ख्याती तिच्या निजगतीपासून, म्हणजे इतर ताऱ्यांच्या तुलनेत आकाशात सरकण्याच्या वेगापासून, सुरू झाली. सिसिलीतील पालेर्मो येथील वेधशाळेत काम करणाऱ्या जुझेप्पे पियाझ्झी यांनी एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी जुन्या नोंदींशी आपले वेध ताडून पाहिले, तेव्हा हा तारा इतर ताऱ्यांच्या तुलनेत विलक्षण वेगाने सरकत असल्याचे त्यांच्या ध्यानात आले, आणि त्यांनी त्याला ‘उडता तारा’ म्हटले. ६१ सिग्नी वर्षाला ५ विकलांहून थोडा अधिक सरकतो. पूर्णचंद्राच्या व्यासाएवढे अंतर कापायला त्याला सुमारे साडेतीनशे वर्षे लागतात. मानवी आयुष्याच्या मापाने ही गती नगण्य आहे, पण बहुसंख्य ताऱ्यांच्या मानाने ती प्रचंड आहे.

कोपर्निकसने १५४३ मध्ये पृथ्वी सूर्याभोवती फिरते असे मांडले, तेव्हापासून एक प्रश्न उभा होता. पृथ्वी खरोखर फिरत असेल, तर कक्षेच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकाकडे जाताना जवळचे तारे दूरच्या ताऱ्यांच्या पार्श्वभूमीवर थोडेसे हललेले दिसायला हवेत. या हालचालीला लंबन म्हणतात; तारा जितका जवळ तितके ते जास्त, म्हणून त्यावरून अंतर काढता येते. टायको ब्राहे यांच्यासारख्या काटेकोर निरीक्षकालाही ते सापडले नव्हते. इंग्लंडमधील जेम्स ब्रॅडली यांनी त्याच्या शोधात १७२० च्या दशकात एका ताऱ्याचा चिकाटीने मागोवा घेतला, पण त्यांच्या हाती लंबनाऐवजी प्रकाशाचे अपायन, म्हणजे पृथ्वीच्या वेगामुळे ताऱ्याची जागा किंचित बदललेली दिसणे, लागले. याच ब्रॅडलींनी पुढे १७५३ मध्ये ६१ सिग्नी हा जोडतारा असल्याची नोंद केली.

प्रशियातील क्योनिग्सबर्ग येथील खगोलशास्त्रज्ञ फ्रीडरिश बेसेल यांनी लंबनासाठी तारा निवडताना तेजाचा निकष बाजूला ठेवला आणि निजगतीचा धरला. जो तारा आकाशात झपाट्याने सरकतो तो बहुधा जवळचा असणार, हा त्यांचा तर्क होता. त्यांच्या हाती जर्मन भिंगकार फ्राउनहोफर यांच्या कार्यशाळेत तयार झालेला हेलिओमीटर होता. या उपकरणाचे वस्तुभिंग मधोमध कापलेले असते आणि त्याचे दोन अर्ध कापलेल्या रेषेवरून एकमेकांवर सरकवता येतात. प्रत्येक अर्ध स्वतंत्र प्रतिमा देतो. एका ताऱ्याची प्रतिमा दुसऱ्याच्या प्रतिमेशी जुळेपर्यंत अर्ध सरकवायचा आणि स्क्रूवरील मापन वाचून दोघांमधले कोनीय अंतर काढायचे, अशी त्याची कार्यपद्धती होती. ६१ सिग्नीचे दुहेरी असणे इथे उपयोगी पडले, कारण बेसेल यांनी जोडीतल्या दोन ताऱ्यांच्या बरोबर मध्यबिंदूपासून जवळच्या दोन मंद ताऱ्यांची अंतरे मोजली. तुलनेसाठी निवडलेले हे दोन्ही तारे नवव्या ते दहाव्या प्रतीचे होते. एका रात्रीत तेच मापन ते सहसा सोळा वेळा करीत. मला या साऱ्या इतिहासात सर्वाधिक मोलाचे वाटते ते हेच, की हा निकाल एखाद्या भाग्यवान रात्रीचा नाही, तर एकच माप पुन्हा पुन्हा घेण्याच्या शिस्तीचा आहे.

१८३८ मध्ये त्यांनी लंबन सुमारे ०.३१ विकला असल्याचे जाहीर केले. आजचे मूल्य ०.२८६ विकला आहे. अडीच सेंटीमीटर रुंदीचे नाणे अठरा किलोमीटरवरून जेवढे दिसेल तेवढा हा कोन आहे, हे लक्षात घेतले म्हणजे बेसेल यांच्या मापातली चूक किती थोडी होती ते कळते. त्याच सुमारास फ्रीडरिश श्ट्रूवे अभिजितचे आणि टॉमस हेंडरसन दक्षिणेकडील आल्फा सेंटॉरीचे लंबन मोजत होते; परंतु शंकेला जागा न ठेवणारे मापन प्रथम बेसेल यांचेच मानले गेले. ताऱ्यांपर्यंतचे अंतर प्रथमच खात्रीने सांगता आले, आणि पृथ्वीच्या भ्रमणाचाही थेट पुरावा मिळाला.

अंतर कळल्यावर बाकीची गणिते खुली होतात. हे दोन तारे सामाईक गुरुत्वमध्याभोवती फिरतात आणि त्यांच्यातील सरासरी अंतर पृथ्वी-सूर्य अंतराच्या सुमारे ८५ पट आहे. कक्षा बरीच लांबट आहे, त्यामुळे ते एकमेकांच्या सुमारे ४४ पटींइतके जवळ येतात आणि सुमारे १२५ पटींपर्यंत दूर जातात. एका प्रदक्षिणेला सातशेच्या आसपास वर्षे लागतात. ब्रॅडलींच्या नोंदीपासून आजवर अर्धी प्रदक्षिणाही पूर्ण झालेली नसल्याने या कालावधीच्या आकड्यात अजूनही सुधारणा होत असतात. कक्षेचा आकार आणि कालावधी केप्लरच्या नियमात घातले, की दोघांचे एकत्रित वस्तुमान सूर्याच्या सुमारे १.३ पट निघते: मोठ्याचे ०.७ च्या आसपास आणि धाकट्याचे ०.६ हून थोडे अधिक. जोडतारे खगोलशास्त्राला इतके मोलाचे का, याचे उत्तर इथे मिळते. एकट्या ताऱ्याचे वस्तुमान असे थेट काढता येत नाही.

दोघेही के वर्गाचे, म्हणजे सूर्याहून थंड असलेले बटुतारे आहेत. मोठ्याचे पृष्ठतापमान सुमारे ४,४०० केल्विन आणि धाकट्याचे सुमारे ४,००० केल्विन आहे. सूर्याचे ५,८०० च्या जवळपास आहे. कॅलिफोर्नियातील माउंट विल्सनवर असलेल्या चारा या दुर्बीणसमूहाने अनेक दुर्बिणींतून आलेला प्रकाश एकत्र करून या ताऱ्यांच्या चकत्यांचे कोनीय व्यासही मोजले. ते विकलेच्या हजाराव्या भागाच्या दीडदोन पट भरतात. त्यावरून त्रिज्या सूर्याच्या अनुक्रमे ०.६७ आणि ०.६० पट निघतात. तेजस्विता मात्र सूर्याच्या केवळ १५ आणि साडेआठ टक्के आहे. वस्तुमानात जराशी घट झाली, तरी ताऱ्याच्या गाभ्यातील तापमान आणि त्याबरोबर हायड्रोजनच्या ज्वलनाचा वेग फार मोठ्या प्रमाणात घटतो. असे तारे आपले इंधन सूर्यापेक्षा कितीतरी पट काटकसरीने वापरतात. या जोडीचे वय सुमारे सहा अब्ज वर्षे मानले जाते, तरी त्यांच्या आयुष्याचा बहुतेक भाग अजून पुढेच आहे.

याच माउंट विल्सनवर १९६६ पासून ऑलिन विल्सन यांनी अनेक ताऱ्यांच्या वर्णपटातील कॅल्शियमच्या रेषा वर्षानुवर्षे तपासल्या, कारण चुंबकीय हालचाली वाढल्या की या रेषांच्या गाभ्यातील प्रकाशही वाढतो. ६१ सिग्नीच्या मोठ्या ताऱ्यात त्यातून सुमारे सात वर्षांचे आवर्तन आढळले, आणि धाकट्यात सुमारे अकरा-बारा वर्षांचे. मोठ्या ताऱ्याचे आवर्तन क्ष-किरणांतही दिसते आणि त्याच्या चुंबकीय ध्रुवांची सूर्यासारखी अदलाबदल होते, हे पुढे सिद्ध झाले. सूर्याचे चुंबकीय चक्र हा अपवाद नाही, हे ठरवायला हा शेजारी फार उपयोगी पडला आहे.

१९४० च्या दशकात खगोलशास्त्रज्ञ काई स्ट्रँड यांनी छायाचित्रांच्या मोजमापावरून या जोडीपाशी गुरूच्या सोळा पट वस्तुमानाचा अदृश्य सोबती असल्याचे मांडले होते. नंतरच्या अचूक वेधांत तो टिकला नाही, आणि इथे एकाही ग्रहाची अद्याप खात्री झालेली नाही.

दरम्यान ही जोडी सेकंदाला सुमारे ६५ किलोमीटर वेगाने आपल्याकडे येत आहे, शिवाय आडव्या दिशेनेही तिला याहून मोठा वेग आहे. म्हणून ती थेट आपल्यावर न येता अठरा-एकोणीस हजार वर्षांनी सुमारे नऊ प्रकाशवर्षांवरून जाईल आणि पुन्हा दूर होत राहील. इतक्या जवळ आल्यावरही तिची प्रत ४.३ च्या आसपासच असेल.