स्मॉलफिल्म्स

लहान मुलांसाठी ॲनिमेशनपट करणारी ब्रिटिश निर्मितीसंस्था. ऑलिव्हर पोस्टगेट (१९२५–२००८) आणि पीटर फर्मिन (१९२८–२०१८) या दोघांनी ती चालवली. इंग्लंडमधील कँटरबरीजवळ ब्लीन येथे फर्मिन यांच्या शेतावर एक रिकामा गोठा होता. तोच त्यांचा स्टुडिओ. गोष्ट, चित्रीकरण आणि निवेदन पोस्टगेट यांचे; चित्रे आणि बाहुल्या फर्मिन यांच्या.

पुठ्ठ्याची कापलेली चित्रे हाताने किंचित सरकवायची आणि १६ मिमी कॅमेऱ्याने एकेक चौकट टिपायची, अशी पद्धत. दिवसाला सुमारे दोन मिनिटांची फिल्म त्यातून निघे. गायकवृंदात गाण्याची आस लागलेल्या वेल्समधील वाफेच्या इंजिनाची ‘आयव्हर द एंजिन’ (१९५९) ही मालिका अशीच तयार झाली.

पुढे बाहुल्या आल्या. ‘क्लँगर्स’मधले (१९६९–७२) चंद्रासारख्या छोट्या ग्रहावर राहणारे गुलाबी लोकरीचे प्राणी फर्मिन यांच्या पत्नी जोन यांनी विणले. हे प्राणी शिट्टीतून बोलतात, पण त्या प्रत्येक शिट्टीमागे इंग्रजीत लिहिलेला संवाद असे. म्हणूनच त्यांचा राग, रुसवा मुलांना अचूक कळतो. ‘बॅगपस’ (१९७४) हा कापडी बोका खरे तर नारिंगी पट्ट्यांचा व्हायचा होता. कापड रंगवताना चूक झाली आणि तो गुलाबी झाला. त्याचे भाग अवघे १३, तरी १९९९ मध्ये बीबीसीच्या कौलात प्रेक्षकांनी त्यालाच मुलांचा सर्वांत आवडता कार्यक्रम ठरवले.

या यशामागे जुन्या कृष्णधवल मालिका झाकल्या गेल्या. रंगीत प्रसारण सुरू झाल्यावर त्या पुन्हा दाखवायला कोणी तयार नव्हते. शेतावरच्या विणलेल्या पेंग्विनांची ‘पिंगविंग्ज’ ही त्यांतलीच, आणि माझ्या मते त्यांतली सर्वांत गोड. ‘द पोगल्स’मधली (१९६५) चेटकीण बीबीसीला मुलांसाठी फार भीतिदायक वाटली, नंतरच्या ‘पोगल्स वुड’मधून ती वगळली गेली.

त्या काळी व्हिडिओ टेप पुसून पुन्हा वापरण्याची रीत होती आणि कित्येक कार्यक्रम त्यात कायमचे गेले. स्मॉलफिल्म्सचे काम टेपवर नव्हे, फिल्मवर होते आणि हक्क निर्मात्यांकडेच होते, म्हणून ते टिकले. पुढे ‘ड्रॅगन्स फ्रेंडली सोसायटी’ या चाहत्यांच्या मंडळाने या मालिका व्हिडिओ आणि डीव्हीडीवर आणल्या, तेव्हा ती चेटकीणही पुन्हा पडद्यावर आली.