भोकाचा पैसा कुठून आला? युद्धकाळातल्या सुट्ट्या पैशांच्या टंचाईची पार्श्वभूमी

भोकाचा पैसा, म्हणजे मध्ये भोक असलेले एक पैशाचे नाणे, निघाला दुसऱ्या महायुद्धातल्या टंचाईतून. जून १९४०मध्ये जर्मनीपुढे फ्रान्स पडला आणि हिंदुस्थानात लोक नोटा मोडून चांदीचे रुपये घरात साठवू लागले. सरकारने त्याच महिन्यात गरजेपेक्षा जास्त नाणी जमवणे गुन्हा ठरवले, पण ट्रंकेत गेलेला रुपया असल्या हुकमाने बाहेर येत नाही. ऑगस्टमध्ये एक रुपयाची कागदी नोट परत आली.

खरा बदल धातूत झाला. जुन्या एक तोळ्याच्या (११.६६ ग्रॅम) रुपयात साडेदहा ग्रॅमहून अधिक चांदी होती. १९४०पासूनच्या रुपयात निम्मी चांदी, ४० टक्के तांबे, उरलेले निकेल आणि जस्त. वजन तेच, चांदी ५.८३ ग्रॅम. नकली रुपये ओतणाऱ्यांना आळा बसावा म्हणून कडेच्या दातांमध्ये खाच घातली. साच्यात ओतलेल्या नाण्यावर ती नीट उठत नाही. व्हिक्टोरियाचे रुपये आणि अधेल्या (अर्ध्या रुपयाची नाणी) ३१ मार्च १९४१नंतर चलनातून बाद झाल्या.

रुपयापेक्षा हाल सुट्ट्या पैशांचे झाले. लष्करी खर्च आणि महागाईने व्यवहार वाढले, टांकसाळींना पुरवठा जमेना. दुकानदार सुट्ट्यांऐवजी पोस्टाची तिकिटे किंवा चिठ्ठ्या देऊ लागले. मोरवी, नवानगर, जुनागढसारख्या संस्थानांनी तर पुठ्ठ्याची कुपने काढली. निकेलही युद्धाला हवे, म्हणून पांढऱ्या चवल्या (दोन आण्यांची नाणी) आणि आणे १९४२पासून पितळी पिवळे झाले. १९४३मध्ये लाहोरला नवी टांकसाळ सुरू झाली, २ रुपयांची नोटही आली.

त्याच वर्षी भोकाचा पैसा निघाला. जुना कांस्याचा पैसा ४.८६ ग्रॅमचा, नवा दोन ग्रॅमच्याही आत. रुपयाचे ६४ पैसे, म्हणजे दर रुपयामागे १८० ग्रॅमहून जास्त धातू वाचला. मधले भोक ठेवल्यामुळे वजन घटूनही पैसा हाताला फार बारीक लागत नाही. राजाचा चेहरा मात्र बसेना. त्याच्या जागी मुकुट आला. लोकांनी याचा वायसर म्हणूनही उपयोग केला, आणि खरे सांगायचे तर त्या कामाला तो उत्तमच होता.

नाण्यांसाठी अमेरिकेकडून चांदी उसनी घेतली होती, ती परत करायची होती. म्हणून युद्धानंतरचे नवे रुपये शुद्ध निकेलचे पाडले. १९४७चा रुपया लोहचुंबकाला चिकटतो; १९४५पर्यंतचा चांदीमिश्रित रुपया चिकटला, तर तो खोटा समजावा.