गाडी ओढली की आतली बाहुली बरोबर कशी जाते?

मोबाईलवरच्या बाहुलीघराच्या गेमबद्दल मोठ्या माणसांची साधारण दोनच मतं ऐकायला मिळतात. एक म्हणजे "त्यात काय, नुसती चित्रं इकडून तिकडं सरकवायची", आणि दुसरं हल्ली सुरू झालेलं, "आता काय, सगळं एआयच करतंय". दोन्ही चूक आहेत. कोल्हापुरात राजारामपुरीत राहणाऱ्या माझ्या भाचीनं परवा गेममधल्या गाडीत आई, बाबा, आजी, कुत्रं आणि एक केक एवढं सगळं कोंबलं, बोटानं गाडी ओढली आणि विचारलं, "मामा, मी तर नुसती गाडी ओढतोय, मग आतली सगळी बरोबर कशी येत्यात?" हा प्रश्न त्या दोन्ही मतांपेक्षा कितीतरी हुशार आहे. बोट गाडीवर आहे, आजीला कुणी हातसुद्धा लावलेला नाही, मग आजी हलली कशानं? याचं उत्तर नीट द्यायचं म्हटलं तर आर्यभट, वराहमिहिर, गॅलिलिओ असे सगळे मधे येतात, आणि मला हा विषय भयंकर आवडतो म्हणून जरा सविस्तर लिहितोय.

ज्यांच्या घरात लहान पोरं नाहीत त्यांच्यासाठी थोडक्यात. या गेममध्ये घरं, दुकानं, शाळा, दवाखाना असं सगळं समोरून उघडं दिसतं, माणसं बोटानं उचलायची, खुर्चीत बसवायची, त्यांच्या हातात आइस्क्रीम द्यायचं, गाडीत घालून न्यायचं. स्टॉकहोमच्या टोका बोका कंपनीचा टोका लाइफ वर्ल्ड २०१८ साली आला, तो यातला बहुतेक सगळ्यात ओळखीचा, पण तसले बरेच आहेत. जिंकणं हरणं नाही, पॉइंट नाहीत, वेळ संपत नाही. गोष्ट पोरांनीच रचायची.

आता बोट. स्क्रीनच्या काचेखाली वीज वाहून नेणाऱ्या, डोळ्याला न दिसणाऱ्या रेषांची जाळी असते. आपलं बोटही वीज वाहून नेतं, त्यामुळं बोट जवळ आलं की त्या ठिकाणची विद्युतभार साठवायची क्षमता थोडी बदलते, आणि आतली चिप सेकंदाला कितीतरी वेळा ही जाळी तपासत असल्यानं तिला जागा कळते. ब्रिटनमध्ये ई. ए. जॉन्सन यांनी १९६५ मध्येच अशा टचस्क्रीनबद्दल लिहिलं होतं. पण स्क्रीनला फक्त बिंदू कळतो, तिथं आजी आहे का गाडी हे तिला माहीत नसतं. ते गेम ठरवतो. त्या बिंदूवर सगळ्यात पुढचं चित्र कुठलं, मग त्याच्या मागचं कुठलं, असं एकेक थर बघत जातो आणि पहिलं जे सापडेल ते उचलतो. म्हणून तर बारक्या पोरांचं गाडी ओढायला बोट जातं आणि खिडकीतनं आजीच बाहेर येते.

आता मुद्द्याचं. गेममधल्या प्रत्येक वस्तूला एक जागा असते, म्हणजे दोन आकडे, एक आडवा आणि एक उभा, शाळेतल्या आलेखावर एक्स आणि वाय असायचे तेच. समजा गाडी (६००, १५०) वर उभी आहे आणि तुम्ही आजीला (७४०, २१०) वर नेऊन सोडलं. बोट उचललं त्या क्षणी गेम बघतो की जवळपास एखादी सीट आहे का. सीट म्हणजे गाडीवर ठरवून ठेवलेला एक अदृश्य बिंदू. अंतर काढायला पायथागोरसच लागतो. अंतर पुरेसं कमी असेल तर आजी त्या बिंदूला जाऊन चिकटते. आपल्या हिशोबात ती नेमकी सीटवरच सोडली असं धरू.

आणि इथं खरी गंमत होते. गेम आजीचा पत्ताच बदलून टाकतो. आतापर्यंत तिचा पत्ता मैदानाच्या, म्हणजे गेममधल्या अख्ख्या जगाच्या, हिशोबात होता, आता तो गाडीच्या हिशोबात लिहिला जातो. ७४० वजा ६०० म्हणजे १४०, आणि २१० वजा १५० म्हणजे ६०. आजी आता (१४०, ६०) वर आहे, गाडीपासून मोजलं तर. यानंतर तुम्ही गाडी १००० वर ओढा, २००० वर ओढा, आजीचे आकडे १४० आणि ६० हेच राहतात, तिला कुणी हलवतच नाही! फक्त चित्र काढायची वेळ आली की गेम बेरीज करतो, १००० अधिक १४० बरोबर ११४०, आणि तिथं आजी रंगवतो.

समजा तुम्ही केएमटीच्या, म्हणजे कोल्हापूरच्या सिटी बसमध्ये ड्रायव्हरच्या मागं दुसऱ्या सीटवर खिडकीला बसलाय. बस गंगावेशीत असो, बिंदू चौकात असो नाहीतर विद्यापीठाच्या दारात, कंडक्टरच्या दृष्टीनं तुमचा पत्ता "दुसरी सीट, खिडकी" एवढाच, तो अख्ख्या प्रवासात बदलत नाही. शहराच्या नकाशावर मात्र तुम्ही सारखे हलताय. दोन्ही पत्ते खरे. प्रश्न एवढाच की कशाच्या सापेक्ष मोजलं.

युनिटी, गोडो अशा ज्या इंजिनांवर, म्हणजे गेम बनवायच्या तयार सॉफ्टवेअरवर, गेम बनतात त्यात या नात्याला पॅरेंट आणि चाइल्ड म्हणतात, गाडी पॅरेंट, आजी चाइल्ड. आणि ही साखळी कितीही लांब होते. केक आजीच्या हाताचा चाइल्ड, हात आजीचा, आजी सीटची, सीट गाडीची, आणि गाडी जर मोठ्या बोटीवर चढवली तर गाडी बोटीची. बोट सरकवली की केकपर्यंत सगळं आपोआप. या विचाराचं मूळ बरंच जुनं आहे, इव्हान सदरलँड यांनी १९६३ मध्ये अमेरिकेतल्या एमआयटीत स्केचपॅड नावाचा प्रोग्रॅम केला, त्यात प्रकाशाच्या पेननं थेट पडद्यावर चित्र काढता यायचं आणि एका चित्रात दुसरं, दुसऱ्यात तिसरं असं बसवता यायचं, मूळ चित्र बदललं की त्याच्या सगळ्या प्रती बदलायच्या. खोलीएवढ्या कॉम्प्युटरवर तेव्हा जे चाललं होतं त्याचंच पुढचं रूप आज पोरांच्या हातात आहे.

गाडी सपाट रस्त्यावर असेल तर बेरजेवर भागतं, पण ती चढाला लागली की? पन्हाळ्याच्या घाटात गाडी तिरकी होते तशी गेममध्येही होते, आणि मग आजीला नुसतं पुढं नेऊन चालत नाही, गाडीबरोबर फिरवावंही लागतं. हिशोब असा की नवा एक्स म्हणजे जुना एक्स गुणिले कोसाइन वजा जुना वाय गुणिले साइन, आणि नवा वाय म्हणजे जुना एक्स गुणिले साइन अधिक जुना वाय गुणिले कोसाइन. गाडी ३० अंशात तिरकी धरू (इतका उभा रस्ता खऱ्यात नसतो पण आकडे सोपे पडतात). कोसाइन ०.८६६, साइन ०.५. तर १४० आणि ६० चे होतात साधारण ९१ आणि १२२. आता जुन्या जोडीचं गाडीच्या मूळ बिंदूपासून, म्हणजे जिथनं मोजतोय तिथनं, अंतर काढा, १४० चा वर्ग अधिक ६० चा वर्ग, त्याचं वर्गमूळ, साधारण १५२. नव्या जोडीचं काढा, तेही १५२. म्हणजे आजी गाडीतच आहे, फक्त गाडीबरोबर कलली. आणि एक लक्षात ठेवा, आधी फिरवून मग सरकवलं तर एक उत्तर येतं आणि आधी सरकवून मग मैदानाच्या मूळ बिंदूभोवती फिरवलं तर वेगळंच, कारण हे हिशोब मॅट्रिक्सनं, म्हणजे आकड्यांच्या चौकोनी मांडणीनं होतात आणि त्यांच्या गुणाकारात क्रम बदलला की उत्तर बदलतं. हा क्रम चुकला की आजी गाडीतनं उडून आभाळात जाते. आकाराचंही तसंच, गाडी नुसती आडवी ताणली आणि आत तिरकी बसलेली बाहुली तिची चाइल्ड असेल तर बाहुली विचित्र वाकडी होते. ही गणितं सेकंदाला बऱ्याचदा ६० वेळा, पडद्यावरच्या प्रत्येक वस्तूसाठी होतात. यात एआय कुठंही नाही, अकरावीतली त्रिकोणमिती आहे.

पुढची गोष्ट कॅमेऱ्याची. बऱ्याच गेममध्ये गाडी लांब चालली की ती पडद्याच्या मधेच राहते आणि झाडं, दुकानं मागं पळतात. तिथं गेम प्रत्येक वस्तूच्या जागेतनं कॅमेऱ्याची जागा वजा करतो, झालं. झाड हललेलं नाही, पण ज्याच्या डोळ्यानं बघतोय तो हलला. आणि हे वाचून ज्याला आर्यभट आठवला नाही त्यानं जरूर आठवावा. साधारण ४९९ सालच्या आर्यभटीयात श्लोक आहे, की नावेतनं पुढं जाणाऱ्याला काठावरच्या स्थिर गोष्टी जशा मागं जाताना दिसतात तसेच स्थिर तारे लंकेवर, म्हणजे विषुववृत्तावर, सरळ पश्चिमेकडं जाताना दिसतात. पृथ्वी स्वतःभोवती फिरते हे सांगायला त्यानं हा दाखला दिला. किती स्वच्छ विचार आहे बघा. आता यावरनं "आइनस्टाइनची रिलेटिव्हिटी आपल्याकडं दीड हजार वर्षं आधीच होती" असले मेसेज फिरतात, ते कृपा करून पुढं ढकलू नका. आइनस्टाइनची गोष्ट प्रकाशाच्या वेगाची आहे आणि वेगळी आहे. आर्यभटानं जे सांगितलं तेच इतकं मोठं आहे की त्याला उसनी झूल घालायची काही गरज नाही.

आर्यभटानंतर थोड्याच काळानं वराहमिहिरानं पृथ्वी फिरते या मतावर एक आक्षेप घेतला. पृथ्वी फिरत असती तर आकाशात गेलेल्या ससाण्यासारख्या पक्ष्यांना आपल्या घरट्याकडं परत येता आलं नसतं. आक्षेप फालतू नाही, उलट फार चांगला आहे, आणि भाचीच्या प्रश्नाचाच उलटा आहे. गाडी गेली, पण आतला कसा गेला? घरटं गेलं, पण वरचा कसा जाईल? कोल्हापूरच्या अक्षांशावर जमीन पृथ्वीच्या फिरण्यामुळं तासाला साधारण १६०० किलोमीटर वेगानं पूर्वेकडं चाललीय. रंकाळा तलावावरचा बगळा पाण्यावरनं उडाला की रंकाळा त्याच्या खालनं निसटून का जात नाही?

त्याचं उत्तर गॅलिलिओनं १६३२ मध्ये जहाजाचा दाखला देऊन समजावलं. बंद जहाजाच्या पोटात बसा, जहाज एकसारख्या वेगानं सरळ चाललेलं असू दे, वरनं ठिबकणारं पाणी खालच्या भांड्यातच पडतं, उडणारे किडे मागच्या भिंतीकडं लोटले जात नाहीत. कारण जहाजातल्या प्रत्येक वस्तूला, हवेलासुद्धा, जहाजाचा वेग आधीच मिळालेला असतो आणि तो काढून घेणारं कुणी नसतं. बगळ्याचंही तेच, उडण्याआधीच तो १६०० च्या वेगात होता, आणि भोवतीची हवाही.

म्हणजे गेम आणि खरं जग दोघांचं उत्तर एकच येतं, आतला बरोबर जातो, पण कारण पूर्ण वेगळं. गेममध्ये आजी गाडीची चाइल्ड म्हणून नोंदवलेली असते. खऱ्या जगात अशी कुठलीही नोंद नाही, तिथं जडत्व आहे, न्यूटनचा पहिला नियम. आणि हा फरक ब्रेक मारला की उघड होतो. केएमटीच्या ड्रायव्हरनं दसरा चौकात कचकन ब्रेक दाबला की बस थांबते, आपण पुढं जातो. बस आपली पॅरेंट कधी नव्हतीच, आपला वेग आपल्याकडंच असतो, तो सीटनं, दांडीनं किंवा कपाळानं थांबवावा लागतो. गेममधली आजी मात्र तुम्ही गाडी कितीही जोरात ओढून झटक्यात थांबवली तरी जागची हलत नाही, तिला स्वतःचा वेगच नाही. काही ठिकाणी थांबल्यावर केस किंवा डोकं जरा डुलताना दिसतं, ते स्प्रिंगचं गणित वरनं जोडलेलं असतं, खरं वाटावं म्हणून. पोरांना हे जरूर दाखवा, गेममध्ये आजी पुढं का पडली नाही हे विचारा, आणि त्याच दमात खऱ्या गाडीत मागच्या सीटवर बसतानाही बेल्ट लावायची सवय लावा. गाडीला टांगलेलं लिंबू-मिरची जडत्वाला अडवू शकत नाही, ब्रेक लागला की तेही पुढंच झुलतं.

चाकांचं थोडक्यात. चाक चित्रात फिरताना दिसतं ते गाडीला ढकलत नाही, उलट गाडी किती सरकली त्यावरनं चाक किती फिरवायचं ते काढतात. चाकाची त्रिज्या ४० पिक्सेल असेल तर परीघ साधारण २५१, म्हणजे गाडी २५१ पिक्सेल सरकली की एक पूर्ण फेरा. उद्यमनगरात लेथवर काम करणाऱ्याला हे सांगायला नको. हे जुळवलं नाही तर चाक घसरतंय असं लगेच डोळ्याला टोचतं. आणि आजी दाराच्या मागं दिसते ते गाडीचं चित्र दोन थरात केल्यामुळं, मागं सीट, मधे आजी, पुढं दार, त्याच क्रमानं रंगवलेलं.

शेवटी एक भुताचं. "रात्री तीनला हा गेम उघडला तर बाहुल्या गायब होतात" असले व्हिडिओ पोरं बघतात आणि खरंच घाबरतात. गेम बंद करताना कोण कुठं आहे याची यादी मोबाईलमध्ये लिहिली जाते, आणि गाडीत बसलेल्या बाहुलीची जागा त्यात गाडीच्या हिशोबातच लिहिलेली असते. म्हणजे काल संध्याकाळी गाडी दवाखान्याच्या सीनमध्ये लावली असेल तर बाहुलीही तिथंच, गाडीच्या आत, आणि आज घराचा सीन उघडल्यावर ती दिसणार नाहीच. रात्रीचे तीन वाजलेले असोत नाहीतर दुपारचे. पोरगं घाबरून आलं तर त्याला आधी एवढंच विचारा की शेवटची गाडी कुठं लावली होतीस, आणि दोघं मिळून त्या सीनमध्ये जाऊन मागच्या सीटवर बघा.