संत्र्याचा ताण आणि मे महिन्यातला पाऊस

नागपूर जिल्ह्यातल्या काटोल-नरखेडकडे मे महिन्यात संत्र्याच्या काही बागा मलूल दिसतात. विहिरीत पाणी असलं तरी ओलित मुद्दाम बंद केलेलं असतं. याला ताण देणं म्हणतात. मृग बहाराचं, म्हणजे पावसाळ्याच्या सुरुवातीला येणाऱ्या फुलोऱ्याचं, सगळं गणित त्यावरच चालतं.

पाणी तोडलं की नवी पालवी थांबते. पानं मात्र अन्न बनवत राहतात. वाढीवर खर्च न झालेलं पिष्ट फांद्यांत साठतं, फुलकळीची तयारी होते आणि पावसाळा लागला की बाग फुलते. हलक्या जमिनीत ताण लवकर बसतो. भारी काळी जमीन ओल धरून ठेवते, तिथे जास्त दिवस लागतात. आंबिया बहाराच्या, म्हणजे हिवाळा सरताना येणाऱ्या फुलोऱ्याच्या, वेळी ताणाला हिवाळ्यातल्या थंडीची साथ मिळते.

आता ऐन मेमध्ये दोन-तीन दणकट अवकाळी सरी आल्या, की ताण अर्ध्यावर तुटतो. झाड फुलांऐवजी पालवी काढतं आणि मृग हातचा जातो. इथे शेततळ्याचा काय उपयोग? ते पाणी साठवतं, नको असलेला पाऊस परतवत नाही. वाढ रोखणाऱ्या क्लोरमेक्वाट क्लोराइडची फवारणी करतात, पण ती तात्पुरती मलमपट्टीच.

पावसाळ्याचं दुखणं वेगळं. हवा १ अंशाने तापली की सुमारे ७ टक्के जास्त बाष्प धरू शकते, म्हणून पाऊस कोसळला की एकदम कोसळतो. मध्य भारतातल्या अतिवृष्टीच्या घटना १९५० ते २०१५ या काळात जवळपास तिपटीने वाढल्या. काळी माती भिजून फुगते, तिच्या भेगा मिटतात आणि पाणी वर तुंबतं. मुळांना प्राणवायू मिळत नाही, फायटोफ्थोरा बुरशी माजते आणि खोडातून डिंक गळू लागतो. म्हणूनच भारी जमिनीत गादीवाफ्यावर (उंच वाफ्यावर) लागवड, उताराला चर, खोडाला मोरचूद-चुन्याचं बोर्डो मलम. पाणी थेट खोडाला लागू नये म्हणून दुहेरी आळं.

मृग बेभरवशाचा, तर आंबियाच घ्यावा असं वाटणं साहजिक आहे. पण आंबियाची फळं उन्हाळाभर झाडावर असतात. पारा ४५ अंशांकडे जातो, तेव्हाच त्यांना पाणी लागतं, तेही बहुतेक विहीर-बोअरचं. मृगाची बाग त्याच दिवसांत पाणी वाचवते. म्हणजे मेमधल्या अवकाळी पावसाला कंटाळून गावानं बहार बदलला, तर बोजा भूजलावर पडतो. शेजारच्या वरुड-मोर्शीत भूजलाचा अतिउपसा आधीच झालेला आहे. माझ्या मते बहार ठरवण्याआधी बाजारभावापेक्षा एप्रिलमधली विहिरीची पातळी बघावी.