डबेवाल्यांचं सिक्स सिग्मा सर्टिफिकेट कुठे आहे?

‘फोर्ब्सने मुंबईच्या डबेवाल्यांना सिक्स सिग्मा सर्टिफिकेट दिलं’ हे वाक्य मॅनेजमेंटच्या स्लाइड्सवर वर्षानुवर्षं फिरतंय. असं सर्टिफिकेट दिलेलंच नाही. 1998 साली फोर्ब्समध्ये डबेवाल्यांवर एक लेख आला, बस्स. मासिक असली सर्टिफिकेटं देतं तरी कुठे?

सिक्स सिग्मा म्हणजे दहा लाखांत जास्तीत जास्त 3.4 चुका, आणि त्यासाठी चुकांची काटेकोर नोंद लागते. इथे तसली वही कोणी ठेवत नाही. ‘1.6 कोटी डब्यांत एक चूक’ हा नेहमी सांगितला जाणारा आकडाही मोजमापातून नव्हे, अंदाजातून आलेला.

मग डबा पोचतो कसा? झाकणावर रंगात घातलेली खूण बघा: कुठल्या स्टेशनवर उतरवायचा, कुठली इमारत, कितवा मजला, सगळं दोन-चार अक्षर-आकड्यांत. लोकल मिनिटभरही थांबत नाही, तेवढ्यात डब्यांनी भरलेल्या पाट्या चढवायच्या. वीस-पंचवीस जणांचा गट, वर मुकादम, कमाईची वाटणी गटातच. कोणी आजारी पडला तर त्याची लाइन धरायला जादा माणूस ठेवलेला असतो. बहुतेक जण मावळ, खेड, जुन्नरकडचे, नात्यागोत्यातले. चुकलं तर जाब गावकीतलाच माणूस विचारतो. खरं कौतुक या बांधणीचं आहे, पण स्लाइडवर ती क्वचितच दिसते.