जठर नसलेल्या घोड्याचं जेवण

समुद्रघोड्याला जठर नसतं. नळीसारख्या तोंडातून आत गेलेलं अन्न थेट आतड्यात उतरतं आणि त्यातलं बरंचसं अर्धवट पचलेलंच बाहेर पडतं. दातही नाहीत, त्यामुळे चावणं, तुकडे करणं हा प्रकारच नाही. जे गिळायचं ते अख्खं. २०१६ मध्ये हिप्पोकॅम्पस कोमेस या जातीचा जनुकसंच उलगडला गेला, तेव्हा दातांवरचं कठीण आवरण घडवायला लागणारी जनुकं त्यात सापडलीच नाहीत. पोटाखालच्या परांशी संबंधित एक जनुकही गायब होतं. उत्क्रांतीने या माशाकडून बरंच काही काढून घेतलंय. घरच्या टाकीत तो जगवायचा म्हणजे त्याच्याकडे जे नाही त्याची भरपाई आपण करायची.

पण टाकीची चौकशी करण्याआधी कायद्याचं बोलू. भारतात समुद्रघोडा पाळता येत नाही. २००१ मध्ये समुद्रघोडे आणि त्यांच्या कुळातले सगळे मासे वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत घेतले गेले, म्हणजे वाघ-बिबट्याच्या पंगतीत. पकडणं, विकणं, जवळ बाळगणं हा गुन्हा आहे आणि त्याला तुरुंगवास होऊ शकतो. ट्रॉलरच्या जाळ्यात कोळंबीबरोबर समुद्रघोडेही येतात, पण म्हणून ते घरी आणता येत नाहीत. तेव्हा पुढचं सगळं वाचायचं ते कुतूहल म्हणून, किंवा तुम्ही मेलबर्न, ह्यूस्टन अशा ठिकाणी राहत असाल जिथे टाकीतच जन्मलेले समुद्रघोडे कायदेशीरपणे मिळतात, तर उपयोग म्हणून. हवाई बेटांवरच्या कोना इथे आणि टास्मानियात त्यांची रीतसर पैदास होते. घरच्या टाक्यांत जास्त दिसतात त्या अमेरिकेच्या अटलांटिक किनाऱ्यावरच्या दोन जाती, हिप्पोकॅम्पस इरेक्टस आणि हिप्पोकॅम्पस रीडी. ऑस्ट्रेलियात थंड पाण्यातला, फुगीर पोटाचा हिप्पोकॅम्पस ॲब्डॉमिनॅलिस लोकप्रिय आहे. तो ३५ सेंटिमीटरपर्यंत वाढतो.

आता शिकार. हा मासा भक्ष्याचा पाठलाग करत नाही. पाठीवरचा चिमुकला पर सेकंदाला तीसहून जास्त वेळा फडफडवूनही त्याची प्रगती कासवाला लाजवेल अशीच. मग तो शेपटीने एखाद्या फांदीला धरून उभा राहतो. दोन्ही डोळे वेगवेगळ्या दिशांना फिरवत वाट बघतो. एखादा सूक्ष्म कवचधारी जीव नळीच्या टोकाजवळ आला की मानेच्या कंडरांमध्ये साठवलेला ताण सुटतो, डोकं झटक्यात वर वळतं आणि सरबत नळीने ओढावं तसं भक्ष्य पाण्यासकट आत ओढलं जातं. हा सगळा प्रकार सेकंदाच्या शंभराव्या भागाच्या आत आटोपतो. टाकीजवळ शांत बसलात तर त्या क्षणी ‘टिक्’ असा आवाजही ऐकू येतो. डोक्याच्या कवटीचं हाड आणि वरचा तुरा एकमेकांवर घासून तो होतो.

ब्रॅड गेमेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१३ मध्ये हिप्पोकॅम्पस झोस्टेरी या जेमतेम अडीच सेंटिमीटरच्या जातीवर प्रयोग केले. पाण्यातली हालचाल ज्यांना लगेच जाणवते अशा कोपेपॉड नावाच्या सूक्ष्म कवचधारी जीवांना हा मासा कसा पकडतो, हा प्रश्न होता. उत्तर निघालं डोक्याच्या आकारात. नळीच्या टोकापाशी पाणी जवळजवळ ढवळलंच जात नाही, त्यामुळे भक्ष्याला सुगावा लागत नाही. स्थिर पाण्यात दहापैकी नऊ हल्ले यशस्वी होत होते. माशांच्या जगातला हा सर्वांत संथ समजला जाणारा जलतरणपटू शिकारीत मात्र कमालीचा तरबेज आहे.

टाकीत हीच सवय अडचण होते. जिवंत, हलणारं, नळीत मावेल एवढं अन्न तोंडापाशी यावं, अशी त्याची अपेक्षा. रंगीत माशांना टाकतात ते वाळके दाणे किंवा पापुद्रे तो ओळखतच नाही. घरी चालणारं मुख्य अन्न म्हणजे गोठवलेलं मायसिस, दिसायला जवळ्यासारखा एक छोटा कवचधारी. टाकीत जन्मलेल्या पिल्लांना लहानपणापासून हे मृत अन्न खायची सवय लावलेली असते. समुद्रातून पकडलेला प्राणी बहुतेकदा त्याकडे ढुंकूनही बघत नाही आणि भरल्या ताटासमोर उपाशी मरतो.

या मायसिसची कथा मोठी गमतीची आहे. बाजारात वाखाणलं जाणारं गोड्या पाण्यातलं मायसिस कॅनडातल्या ब्रिटिश कोलंबिया प्रांताच्या ओकानागन सरोवरातून येतं. ते तिथलं मूळचं नव्हे. कोकनी नावाच्या साल्मन माशांना खाऊ म्हणून १९६६ मध्ये ते सरोवरात सोडलं गेलं. पण मायसिस दिवसा खोल तळाशी दडून बसतं आणि रात्री वर येतं, तर कोकनी उजेडात चरणारा. दोघांची गाठच पडेना. उलट मायसिसने कोकनीच्या वाट्याचे सूक्ष्म जीव फस्त करायला सुरुवात केली आणि कोकनीची संख्या ढासळली. पुढे मायसिस कमी करण्यासाठी ते जाळ्याने उपसायला सुरुवात झाली. तेच गोठवून जगभरच्या मत्स्यटाक्यांत जातं. एका माशासाठी सोडलेला खाऊ शेवटी भलत्याच माशाच्या पोटात गेला!

दुसरं अन्न आर्टेमिया. अतिखारट पाण्यात वाढणारा हा जीव मुंबईच्या मिठागरांनाही नवा नाही, वडाळ्याच्या मिठागरांतून त्याची जुनी नोंद आहे. बाजारातली बरीचशी अंडी मात्र अमेरिकेतल्या ग्रेट सॉल्ट लेकची. कोरडी अंडी वर्षानुवर्षं टिकतात आणि खाऱ्या, कोमट पाण्यात टाकली की साधारण एका दिवसात फुटतात. मोठ्या समुद्रघोड्याला नुसत्या आर्टेमियावर ठेवणं मात्र चुकीचं, कारण पूर्ण वाढलेला आर्टेमिया पोषणाच्या दृष्टीने अगदीच फोल असतो. म्हणून आधी त्यालाच जेवू घालतात. अंड्यातून निघाल्यावर आठ-दहा तासांनी पहिली कात टाकली की त्याचं तोंड उघडतं. मग त्याच्या पाण्यात सूक्ष्म शैवाल किंवा ओमेगा-३ मेदाम्लांचं मिश्रण घालतात. तो ते गिळतो आणि काही तासांनी समुद्रघोड्याला द्यायच्या लायकीचा होतो.

वाढलेल्या समुद्रघोड्याला दिवसातून दोन ते तीन वेळा खायला द्यावं लागतं. एकदा भरपूर घालून मोकळं होऊ, हा हिशेब इथे चालत नाही, कारण अन्न साठवायला जागाच नाही. दोन दिवस गावाला जायचं तर शेजाऱ्याला शिकवून जावं लागतं, आणि माझ्या मते ज्याला हे जमणार नाही त्याने या भानगडीत पडूच नये. अन्न टाकीभर उडू देऊ नका. एक उथळ काचेची वाटी किंवा मोठा शिंपला ठरलेल्या जागी ठेवा, त्यात लांब नळीने मायसिस सोडा. थोड्याच दिवसांत ते जेवायला त्या वाटीशी गोळा होतात. अर्ध्या तासाने उरलेलं नळीने ओढून काढा.

हे उरलेलं काढणं स्वच्छतेच्या हौसेसाठी नाही. अर्धपचित विष्ठा आणि कुजणारं मायसिस यांवर व्हिब्रिओ गटातले जिवाणू पोसतात. टाकीतले समुद्रघोडे दगावण्यामागे बरेचदा तेच असतात. कातडीवर पांढरे व्रण, शेपटीचं टोक झडणं ही त्यांची लक्षणं. हे जिवाणू उबेत झपाट्याने वाढतात, म्हणून उष्ण कटिबंधातल्या जातीही पाळणारे २० ते २३ अंश सेल्सियसमध्येच ठेवतात. बहुतेक प्रवाळ टाक्यांपेक्षा हे तापमान कमी आहे, त्यामुळे उन्हाळ्यात पाणी थंड करणारं यंत्र लागतं. पाणी तापवायची कांडी असलीच तर तिला जाळी हवी, कारण समुद्रघोडा तिलाही शेपटीचा विळखा घालतो आणि भाजून घेतो. पंपाच्या तोंडाशीही जाळी हवीच.

नवी टाकी आणल्या दिवशी मासा सोडायचा नाही. अमोनियाचं नायट्राइट आणि नायट्राइटचं नायट्रेट करणारे उपयोगी जिवाणू गाळणीत रुजायला चार ते सहा आठवडे लागतात. एवढी घाण करणाऱ्या प्राण्यासाठी तर हा धीर धरायलाच हवा.

टाकी लांबीपेक्षा उंच असावी. एका जोडीला शंभर लिटरच्या पुढे पाणी आणि किमान ४५ सेंटिमीटर उंची. नर-मादी प्रियाराधन करताना शेपट्या गुंफून सरळ वर चढतात. उंची कमी असली की मादीची अंडी नराच्या पिशवीत न जाता तळाशी सांडतात. उथळ टाकीचा संबंध आणखी एका विकाराशी लावला जातो. कातडीखाली किंवा नराच्या पिशवीत वायूचे बुडबुडे धरतात आणि बिचारा बुचासारखा वर तरंगत राहतो. त्यावर पशुवैद्य ॲसिटाझोलामाइड देतात. हे तेच औषध, जे काचबिंदूवर वापरतात आणि लडाखला जाणारे पर्यटक उंचीच्या त्रासासाठी सोबत नेतात.

सोबती निवडताना चपळ मासे नकोत. क्लाउनफिश वाटी रिकामी करून जाईपर्यंत समुद्रघोडा मायसिसचं निरीक्षणच करत असतो. खेकडे आणि डंख करणारी समुद्रफुलं तर नकोतच. गोगलगायी चालतात.

पिल्लं झाली तर खरी परीक्षा सुरू होते. सुमारे तीन आठवडे पिशवीत वाढवून नर एका खेपेला शेकडो पिल्लं सोडतो आणि नंतर त्यांच्याकडे पाहतही नाही. इरेक्टस आणि रीडीची पिल्लं सुरुवातीला पृष्ठभागाजवळ तरंगतात, तिथली हवा गिळतात आणि मरतात. म्हणून त्यांना गोलाकार टाकीत, पाणी सतत चक्राकार फिरत ठेवून वाढवतात. त्यांना जिवंत कोपेपॉड किंवा पोसलेली आर्टेमियाची पिल्लं दिवसभर थोडी-थोडी द्यावी लागतात. एवढं करूनही मोठी होतात ती थोडीच.

विकत घेताना टाकीत जन्मलेलाच प्राणी घ्या. २००४ पासून समुद्रघोड्यांचा आंतरराष्ट्रीय व्यापार साइट्स या वन्यजीव-व्यापारावरच्या कराराच्या नियंत्रणाखाली आहे, म्हणून परदेशातून आलेल्या प्राण्याची कागदपत्रं मागायला संकोच करू नका. आणि पैसे देण्यापूर्वी विक्रेत्याला सांगा, याला माझ्यासमोर गोठवलेलं मायसिस खाऊ घाला. त्याने खाल्लं नाही, तर तसेच घरी परत या.